नाशिकची वेलांटी, कांद्याची रेघ

वाचकांचे प्रश्न : आकडे आणि आलेख

गेल्या अंकात पायथन या संगणकभाषेतल्या मॅटप्लॉटलिब या लायब्ररीने, म्हणजे आलेख काढायच्या तयार आज्ञांच्या संचाने, साधा रेषालेख कसा काढायचा ते लिहिलं होतं. त्यावर बरीच पत्रं आली, त्यातली पाच इथे घेते. आज्ञांची नावं मी उच्चाराप्रमाणे देवनागरीत लिहिते आहे. संगणकावर ती रोमन लिपीतच टंकायची. नव्या वाचकांसाठी माझी ओळख एवढीच, की एका संशोधन संस्थेत मी बावीस वर्षं आलेख काढायचं काम केलं. आधी ट्रेसिंग पेपरवर रोट्रिंग पेनने, मग संगणकावर.

प्रश्न : मॅडम, मी माध्यमिक शाळेत भूगोल शिकवतो. जिल्हावार पावसाचा स्तंभालेख काढला आणि खाली जिल्ह्यांची नावं मराठीत दिली. आधी नावांच्या जागी नुसते चौकोन आले. फॉन्ट बदलल्यावर लातूर, पुणे, बीड अगदी नीट दिसले. पण नाशिकचं ‘नाशकि’ झालं आणि रत्नागिरीतला त पाय मोडून वेगळाच उभा राहिला. माझं काय चुकतंय?

उत्तर : सर, तुमचं काहीही चुकलेलं नाही. तुम्ही ज्या क्रमाने या अडचणीत शिरलात, त्याच क्रमाने मीही शिरले होते, म्हणून याचं उत्तर जरा सविस्तर देते.

चौकोनांचं कारण सोपं आहे. मॅटप्लॉटलिब स्वतःबरोबर ‘डेजाव्हू सान्स’ नावाचा फॉन्ट घेऊन येते आणि त्यात देवनागरी अक्षरंच नाहीत. अक्षर सापडलं नाही की तिथे रिकामा चौकोन बसतो. त्यावर इलाज म्हणजे देवनागरी फॉन्ट देणं. मी ‘मुक्ता’ वापरते. मुंबईच्या ‘एक टाइप’ नावाच्या मंडळींनी तो केला आहे, मोफत मिळतो, आणि त्यात देवनागरी व रोमन दोन्ही अक्षरं एकाच वळणाची आहेत. फॉन्टची फाइल फॉन्टमॅनेजरच्या ‘अॅडफॉन्ट’ने ओळखीची करून द्यायची आणि आरसीपॅरॅम्समध्ये, म्हणजे मॅटप्लॉटलिबच्या सेटिंग्जच्या यादीत, ‘फॉन्ट डॉट फॅमिली’पुढे त्या फॉन्टचं नाव लिहायचं. तुमच्या फॉन्टमध्ये एखादं चिन्ह नसेल तर एकाऐवजी दोन फॉन्टांची यादी द्या. 2022 मध्ये आलेल्या 3.6 आवृत्तीपासून पहिल्यात न सापडलेलं अक्षर मॅटप्लॉटलिब दुसऱ्यात शोधते.

वेलांटीचं दुखणं मात्र फॉन्टचं नाही. संगणकात ‘शि’ साठवताना आधी श आणि मग वेलांटी असा क्रम असतो, म्हणजे आपण उच्चारतो तसा. कागदावर मात्र वेलांटी श च्या आधी दिसायला हवी. ती उचलून मागे नेणं, त् आणि न यांचं जोडाक्षर करणं, र चा रफार करून पुढच्या अक्षराच्या डोक्यावर बसवणं, हे सगळं काम अक्षरजुळणीचा एक वेगळा कार्यक्रम करतो. ब्राउझरमध्ये तो असतो, मोबाइलमध्ये असतो. मॅटप्लॉटलिबची नेहमीची चित्रं काढणारी यंत्रणा माझ्या संगणकावरच्या आवृत्तीत हे काम करत नाही. ती अक्षरं साठवलेल्या क्रमाने एकापुढे एक ठेवत जाते. म्हणून नाशिकची वेलांटी श ओलांडून क ला जाऊन चिकटते, आणि ‘किंमत’ हा शब्द ‘कमिंत’ असा वाचला जातो.

यातली खरी फसवणूक तुमच्याच पत्रात आहे. लातूर, पुणे, बीड, जळगाव, परभणी यांत ना पहिली वेलांटी, ना जोडाक्षर. तेवढ्यावर तपासलं की वाटतं, झालं काम. माझ्या हातून एक अहवाल असाच छापायला गेला होता. मी पहिले दोन आलेख पाहिले, त्यात नेमके लातूर आणि सोलापूर होते. तिसऱ्यात ‘नाशकि’ होतं. अहवाल गावोगाव पोचल्यावर निफाडकडच्या एका शेतकऱ्याचा फोन आला. ते रागावले नव्हते. एवढंच म्हणाले, “बाई, आमच्या जिल्ह्याचं नाव जरा बघा.” मला त्या रात्री झोप आली नाही. हाताने काढायच्या दिवसांत आमच्याकडे अक्षरांच्या स्टेन्सिल फक्त इंग्रजी होत्या, म्हणून मराठी नावं मी पेनने एकेक करून लिहायची, आणि तेव्हा एकही वेलांटी चुकली नव्हती. त्या दिवसापासून माझ्याकडे तपासणीचे चार शब्द ठरलेले आहेत : नाशिक, क्विंटल, विदर्भ, महाराष्ट्र. हे चार नीट उमटले तर बाकी सगळं उमटतं.

आता उपाय. मी स्वतः रोज वापरते तो असा : आरसीपॅरॅम्समध्ये ‘एसव्हीजी डॉट फॉन्टटाइप’ला ‘नन’ ही किंमत द्या आणि आलेख एसव्हीजी फाइल म्हणून साठवा. एरवी मॅटप्लॉटलिब अक्षरांच्या रेघा करून टाकते. ‘नन’ दिलं की अक्षरं अक्षरंच राहतात आणि जुळणीचं काम ती फाइल उघडणाऱ्याकडे जातं. ती ब्राउझरमध्ये किंवा इंकस्केप या चित्रं काढायच्या सॉफ्टवेअरमध्ये उघडा, नाशिक नाशिकच दिसेल. तिथूनच पीडीएफ किंवा पीएनजी करून घ्या. दोन गोष्टी सांभाळा. ज्या संगणकावर फाइल उघडणार त्यावर तोच फॉन्ट हवा. आणि कडेला थोडी जास्त जागा सोडा, कारण मॅटप्लॉटलिब शब्दाची लांबी मोडक्या अक्षरांवरूनच मोजते.

ज्यांना थेट पीएनजीच हवी त्यांच्यासाठी ‘एमपीएलकैरो’ नावाची जोडयंत्रणा आहे. राक्म नावाच्या जुळणी लायब्ररीच्या मदतीने ती देवनागरी बरोबर बसवते. आणि आलेख कागदावर जायचाच नसेल, फक्त पडद्यावर दाखवायचा असेल, तर ‘प्लॉटली’ ही दुसरी लायब्ररी वापरा. तिची अक्षरं ब्राउझरच काढतो, त्यामुळे हा प्रश्नच येत नाही.

एक गोष्ट मात्र करू नका. कोणीतरी तुम्हाला सांगेल की वेलांटी आधी टंका आणि श नंतर, म्हणजे दिसायला बरोबर येईल. नाशिकपुरतं येईलही. पण मग तो शब्द आतून चुकीचा असतो. शोधायला गेलात तर सापडत नाही, दृष्टिहीन विद्यार्थ्याच्या संगणकाने वाचून दाखवला तर भलताच ऐकू येतो, आणि उद्या लायब्ररी सुधारली की तुमचे सगळे जुने आलेख एकदम बिघडतात.

प्रश्न : ताई, मी निफाडची, बीएस्सीच्या दुसऱ्या वर्षाला आहे. आमची कांद्याची शेती आहे. वडिलांनी जपून ठेवलेल्या बाजार समितीच्या तीन वर्षांच्या पट्ट्यांवरून, म्हणजे विक्रीच्या पावत्यांवरून, तारीख आणि दर एक्सेलमध्ये भरले आणि रेषालेख काढला. पण उभ्या अक्षावर 1,250 च्या वर 900 आणि त्याच्या वर 2,100 आलंय. खाली तारखा इतक्या दाटल्यात की काळा पट्टा दिसतो. वडील म्हणाले, हा आपला कांदा नाही.

उत्तर : वडिलांचं म्हणणं खरं आहे, आणि त्यांनी पट्ट्या जपून ठेवल्या याबद्दल त्यांना माझा नमस्कार सांग.

तू दर भरताना स्वल्पविराम दिलेस. ‘1,250’ हा संगणकाला आकडा वाटला नाही, शब्द वाटला. मॅटप्लॉटलिबला शब्द दिले की ती ते ज्या क्रमाने आले त्या क्रमाने, सारख्या अंतरावर, अक्षावर मांडते. जणू आंबा, पेरू, चिकू. म्हणून 900 वर गेला. पांडाज ही तक्ते वाचणारी लायब्ररी वापरून फाइल वाचत असशील तर ‘रीड सीएसव्ही’मध्ये ‘थाउजंड्स’पुढे स्वल्पविराम दे, म्हणजे आकडे आकडे होतील. तारखांचं दुखणंही तेच. त्यासुद्धा शब्द म्हणूनच गेल्या आहेत, म्हणून प्रत्येक तारीख छापली गेली. ‘टू डेटटाइम’ने त्यांच्या तारखा कर, पण ‘डेफर्स्ट’ खरं, म्हणजे ‘ट्रू’, ठेवायला विसरू नकोस. नाहीतर 3 जुलैची पट्टी 7 मार्चला जाऊन बसू शकते, आणि चूक तुझ्या चटकन लक्षात येणार नाही. तारखा झाल्या की ‘मंथलोकेटर’ने महिन्यामहिन्याची खूण पडते.

इथवर तंत्र झालं. आता मला ज्याची जास्त काळजी वाटते ते सांगते.

तुझ्या पट्ट्यांत लाल कांदाही असेल आणि उन्हाळ कांदाही. चाळीत साठवलेला उन्हाळ संपत येतो आणि नवा लाल बाजारात येतो, तेव्हा काही दिवस दोन्हींचे दर शेजारी शेजारी असतात. तू सगळं एका रेघेत ओवलंस तर त्या दिवसांत रेघ वरखाली उड्या मारेल. पाहणारा म्हणेल बाजार कोसळला, बाजार चढला. खरं म्हणजे माल बदलला. दोन वेगळ्या रेघा काढ. ‘प्लॉट’ दोनदा लिहायचं, एवढंच.

दुसरं, लिलाव बंद असलेले दिवस. पट्टी नाही म्हणजे तुझ्या यादीत ओळच नाही, आणि ओळ नाही म्हणजे मॅटप्लॉटलिब मागचा ठिपका पुढच्याला सरळ जोडून टाकते. संप असो, सण असो, की घरचा माल संपल्यामुळे दोन महिने विक्रीच नसो, रेघ सगळ्यावरून शांतपणे जाते. ‘अॅसफ्रीक्’ने रोजच्या तारखा भरून घे. ज्या दिवशी दर नाही तिथे रिकामी नोंद राहते आणि रेघ तिथे तुटते. मात्र एकच तारीख दोनदा असेल तर ते अडतं, म्हणून आधी लाल आणि उन्हाळ वेगळे कर, आणि एका दिवशी दोन गाड्या गेल्या असतील तर त्यांची सरासरी घे. तुमची विक्री आठवड्यातून एकदाच होत असेल तर मी म्हणेन, रेघ नकोच. नुसते ठिपके दे. ‘मार्कर’ला गोल दे आणि ‘लाइनस्टाइल’ रिकामी ठेव. प्रत्येक ठिपका म्हणजे बाजारात गेलेली एक गाडी.

आणि एक करून बघ. बाजार समिती त्या दिवसाचा किमान, कमाल आणि सरासरी दर जाहीर करते. किमान ते कमाल हा पट्टा ‘फिल बिट्वीन’ने फिकट रंगात भर, ‘अल्फा’ 0.2 ठेव, म्हणजे मागचं दिसत राहील. त्यावर तुमच्या पट्ट्यांचे ठिपके टाक. आपला माल त्या दिवशीच्या बाजारात कुठे बसला, हे वडिलांना एका नजरेत दिसेल. मग ते काय म्हणतात ते मला नक्की कळव.

प्रश्न : काही ठिकाणी शीर्षकासाठी ‘टायटल’ लिहिलेलं असतं, काही ठिकाणी ‘सेट टायटल’. दोन्ही चालतं. मग बरोबर कोणतं?

उत्तर : दोन्ही बरोबर. याला कारण या लायब्ररीचा जन्म आहे. जॉन हंटर हे अमेरिकन मेंदूशास्त्रज्ञ अपस्माराच्या रुग्णांच्या मेंदूतले विद्युतसंकेत अभ्यासत होते. त्यांना मॅटलॅब या गणिती सॉफ्टवेअरसारखी, पण पायथनमध्ये चालणारी सोय हवी होती. मिळाली नाही म्हणून त्यांनी स्वतः लिहायला घेतली आणि 2003 मध्ये सगळ्यांसाठी खुली केली. नावातला ‘मॅट’ तिथून आला आणि ‘टायटल’, ‘एक्सलेबल’ अशा सुटसुटीत आज्ञाही त्याच वळणाच्या. त्या नेहमी सध्या हातात असलेल्या चित्रावर चालतात. दुसऱ्या पद्धतीत ‘सबप्लॉट्स’ने कागद आणि त्यावरची चौकट हातात घ्यायची आणि त्या चौकटीला सांगायचं, तुझं शीर्षक हे. एकच आलेख असेल तर पहिली पद्धत पुरते. चार आलेख शेजारी शेजारी असतील तर दुसरीच वापरा, नाहीतर शीर्षक भलत्या चौकटीवर जातं. मी नव्या माणसाला पहिल्या दिवसापासून दुसरीच शिकवते. हंटर 2012 मध्ये गेले, वयाच्या 44 व्या वर्षी. त्यांनी फुकट वाटलेल्या या कामावर निफाडची मुलगी आज वडिलांच्या पट्ट्या मांडते आहे, हे मी आलेख काढायला बसले की मनात असतं.

प्रश्न : आमच्या पाणलोट समितीच्या वार्तापत्रासाठी आठ गावांच्या विहिरींची पातळी आठ रंगांत दाखवली. पडद्यावर छान दिसलं. वार्तापत्र झेरॉक्सवर निघतं, त्यात सगळ्या रेघा करड्या झाल्या. शिवाय एका सदस्यांना लाल आणि हिरवा वेगळा दिसत नाही.

उत्तर : त्या सदस्यांनी उघड सांगितलं हे फार चांगलं झालं. बहुतेक जण गप्प बसतात. लाल-हिरव्यातला फरक न दिसणारे पुरुष पुष्कळ असतात, आणि आपण मात्र भरलेली विहीर हिरवी आणि आटलेली लाल रंगवत राहतो.

मॅटप्लॉटलिब न विचारता दहा रंग देते, अकराव्या रेघेला पुन्हा पहिला निळा येतो. दहा रंग आहेत म्हणून दहा रेघा काढायला हव्यात असं नाही. कोपऱ्यातल्या चौकटीत रंग बघायचा, मग रेघ शोधायची, मग पुन्हा चौकटीत गाव वाचायचं, असं आठ वेळा कोणी करत नाही. ती चौकट काढून टाका. प्रत्येक रेघेच्या उजव्या टोकाशी ‘अॅनोटेट’ने गावाचं नाव लिहा, शेवटच्या ठिपक्यापासून पाच-सहा पॉइंट सरकवून. दोन नावं एकमेकांवर चढली तर एकाला हाताने थोडं वर ढकला. त्यासाठी आपोआप चालणारं काही शोधत बसू नका, दोन मिनिटांचं काम आहे.

झेरॉक्ससाठी रंग सोडूनच द्या. ज्या गावाबद्दल त्या अंकात लिहिलं आहे त्याची रेघ काळी आणि जाड करा, ‘लाइनविड्थ’ 2.5. बाकी सात करड्या आणि बारीक. आठही गावं सारखीच महत्त्वाची असतील तर आठ छोट्या चौकटी करा, प्रत्येकीत एक गाव. सगळ्यांचा उभा अक्ष एकच राहील असं पाहा, ‘सबप्लॉट्स’मध्ये ‘शेअरवाय’ खरं ठेवून. हे विसरलात तर दोन फूट चढलेली विहीर आणि वीस फूट चढलेली विहीर सारखीच उंच दिसेल आणि गावात भांडण लागेल. पातळी जमिनीपासून खोलीत मोजली असेल तर ‘इन्व्हर्ट वाय-अॅक्सिस’ने अक्ष उलटा करा. पाणी वर आलं की रेघही वर यायला हवी.

रंगाने मोजमाप दाखवायचं असेल, म्हणजे नकाशात किंवा चौकटींच्या तक्त्यात, तर ‘व्हिरिडिस’ हा रंगपट्टा घ्या. गडद जांभळ्यापासून पिवळ्यापर्यंत तो सारखा उजळत जातो, म्हणून झेरॉक्समध्येही क्रम टिकतो आणि लाल-हिरवा न दिसणाऱ्यालाही तो कळतो. जानेवारी 2017 च्या 2.0 आवृत्तीपर्यंत न सांगता मिळायचा तो ‘जेट’, इंद्रधनुष्यासारखा. त्यातला पिवळा मध्येच इतका चमकतो की जिथे काही नाही तिथे डोळ्याला काठ दिसतो. जुन्या अहवालांतले माझे काही नकाशे त्याच रंगांत आहेत. आज मी ते तसे काढणार नाही.

प्रश्न : सहकारी पतसंस्थेच्या ठेवींचा स्तंभालेख काढला. अक्षावर 0.5, 1.0, 1.5 आणि वर कोपऱ्यात 1e7 आलं. सभासद विचारतात हे काय? शिवाय मासिकात छापल्यावर अक्षरं वाचताच येत नाहीत.

उत्तर : 1e7 म्हणजे एक कोटी. अक्षावरच्या आकड्यांना त्याने गुणून घ्यायचं. सभासदांना ते कळायची गरज नाही. सगळ्यात चांगला मार्ग म्हणजे ठेवींना आधीच एक कोटीने भागा आणि अक्षाच्या नावात ‘कोटी रुपये’ लिहा. पूर्ण आकडेच हवे असतील तर ‘टिकलेबल फॉरमॅट’ची ‘स्टाइल’ ‘प्लेन’ करा. त्याने ते जातं, पण स्वल्पविराम येत नाहीत. ते आपल्या पद्धतीने, 1,50,00,000 असे, हवे असतील तर ‘फंकफॉरमॅटर’ला छोटं फंक्शन द्या : शेवटचे तीन अंक बाजूला काढायचे, उरलेले उजवीकडून दोन-दोनने तोडायचे. तिथेच अंक देवनागरी करता येतात. अंकांना वेलांटी नाही की जोडाक्षर नाही, देवनागरी फॉन्ट दिला असेल तर ते कुठेही बिघडत नाहीत. आणि स्तंभालेखाचा उभा अक्ष शून्यापासूनच सुरू ठेवा. संस्थेची वाढ उठून दिसावी म्हणून कोणी ‘सेट वायलिम’ने खालचा भाग कापायला सांगितलं तर ठाम नाही म्हणा. स्तंभाची उंची हीच सभासदाला दिसणारी ठेव आहे.

अक्षरांचं गणित असं. तुम्ही काही सांगितलं नाही तर मॅटप्लॉटलिब 6.4 इंच रुंद चित्र काढते, म्हणजे सव्वासोळा सेंटिमीटर, आणि अक्षांवरची अक्षरं 10 पॉइंटची असतात. मासिकाचा रकाना आठ सेंटिमीटरचा असेल तर छापणारा चित्र निम्मं करतो आणि अक्षरं 5 पॉइंटची होतात. औषधाच्या बाटलीवरच्या मजकुराएवढी. आम्ही ट्रेसिंग पेपरवर दुप्पट मापात काढायचो तेव्हा अक्षरंही मुद्दाम दुप्पट काढायचो. संगणकावर त्याहून सोपं आहे : छापायच्या मापातच काढा. मासिकाला फोन करून रकान्याची रुंदी विचारा, सेंटिमीटरला 2.54 ने भागा, आणि तो आकडा ‘फिगसाइझ’मध्ये द्या. आठ सेंटिमीटरला 3.15 इंच. मग 8 पॉइंटचं अक्षर छापल्यावरही 8 पॉइंटचंच राहतं. साठवताना ‘डीपीआय’ 300 ठेवा. ‘बीबॉक्स इंचेस’ला ‘टाइट’ दिलंत तर कडा कापल्या जाऊन माप बदलतं, म्हणून छपाईसाठी त्याऐवजी चित्र उघडतानाच ‘लेआउट’ला ‘कन्स्ट्रेन्ड’ द्या. आणि ‘सेव्हफिग’ नेहमी ‘शो’च्या आधी लिहा. नंतर लिहिलंत तर बहुतेक वेळा कोरं पान साठवलं जातं.